मेलबर्नचा ब्लूई ट्रस्कॉट

क्रिकेटच्या निमित्ताने मेलबर्नच्या विशाल मैदानाचे नाव आपल्याकडील शाळकरी मुलांच्याही तोंडी असते. परंतु दक्षिण गोलार्धातील उन्हाळा सरून हिवाळ्याची चाहूल लागली, की त्याच हिरवळीवर ज्या खेळाचे साम्राज्य सुरू होते, त्या ऑस्ट्रेलियन फुटबॉलचा परिचय मराठी वाचकांस क्वचितच झालेला असतो. अठरा-अठरा गड्यांचे दोन संघ, लंबगोल मैदान, चेंडूही लंबगोल, आणि दोन्ही टोकांस ओळीने रोवलेले चार-चार खांब. मधल्या दोहोंमधून लाथेने चेंडू पार केला तर सहा गुण, बाजूच्या फटीतून गेला तर एक. चेंडू हाताने फेकण्यास सक्त मनाई. तो एका तळहातावर धरून दुसऱ्या हाताच्या मुठीने सोबत्याकडे टोलवायचा. आकाशातून येणारा चेंडू झेलण्यासाठी प्रतिस्पर्ध्याच्या पाठीवर गुडघा टेकून उंच झेपावणारा खेळाडू पाहिला, म्हणजे या खेळासाठी मेलबर्नची माणसे जीव का टाकतात हे निराळे सांगावे लागत नाही. टॉम विल्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १८५९ साली या खेळाचे नियम प्रथम लिहून काढले, आणि ज्या मेलबर्न क्लबाच्या नावे ते लिहिले गेले, त्याच क्लबाचा कीथ ट्रस्कॉट हा खेळाडू. वयाच्या सव्विसाव्या वर्षी, युद्धकाळातच, तो मरण पावला.

१७ मे १९१६ रोजी मेलबर्नच्या प्राहरान या उपनगरात त्याचा जन्म झाला. केस तांबडे, आणि तांबड्या केसांच्या माणसाला ब्लूई म्हणण्याचा त्या देशाचा प्रघात. म्हणून आयुष्यभर, आणि मरणानंतरही, तो ब्लूईच राहिला. शिक्षण मेलबर्न हायस्कुलात. ‘बॉडीलाइन’ मालिकेत ज्यांनी देहावर चेंडू झेलले पण संघाची शिस्त मोडू दिली नाही, ते कर्णधार बिल वुडफुल याच शाळेत गणित शिकवीत असत. पुढे कसोटी क्रिकेट गाजविणारा कीथ मिलर हाही तिथलाच विद्यार्थी. मिलर सेंट किल्डा क्लबाकडून फुटबॉल खेळला, युद्धात त्याने विमान चालविले, आणि युद्ध संपताच १९४५ साली ऑस्ट्रेलियन सैनिकांच्या क्रिकेट संघातून तो मुंबईतही खेळून गेला. फुटबॉल, क्रिकेट आणि विमानदल यांची अशी सरमिसळ त्या पिढीच्या कितीतरी तरुणांच्या आयुष्यात झाली होती. मिलर परतला, ट्रस्कॉट परतला नाही.

शाळा सुटल्यावर काही काळ शिक्षकी आणि नंतर कारकुनी करीत असतानाच १९३७ साली तो मेलबर्नच्या पहिल्या संघात रुजू झाला. चपळाई किंवा डोळे दिपविणारे कौशल्य हे त्याचे भांडवल नव्हते. ठेंगणी, भरीव अंगलट, धक्क्याला न डगमगणारी छाती आणि शेवटच्या क्षणापर्यंत चेंडूचा पिच्छा न सोडण्याची वृत्ती, यांच्या बळावर त्याने आघाडीच्या फळीच्या बाजूला आपली जागा पक्की केली. १९३९ साली अंतिम सामन्यात कॉलिंगवूडला नमवून मेलबर्नने अजिंक्यपद मिळविले, त्या संघात तो होता. पुढच्या वर्षीच्या जुलैत तो विमानदलात भरती झाला. तथापि सप्टेंबरात अंतिम सामना आला तेव्हा वरिष्ठांनी रजा मंजूर केली, आणि मेलबर्नने रिचमंडचा १०७ विरुद्ध ६८ गुणांनी पराभव केला, त्या दिवशीही तो मैदानावर होता. त्याच सामन्यात त्याच्यासोबत खेळलेल्या रॉन बरासी आणि हॅरल्ड बॉल या दोघांची नावे वाचकांनी ध्यानात ठेवावीत.

विमान चालविणे त्याला सहज साधले नाही. उतरताना जमिनीचा अंदाज चुकून ती बरीच खाली असतानाच विमान समतल करण्याची खोड त्याला होती, आणि दुसरा कोणी उमेदवार असता तर बहुधा त्याची रवानगी अन्य खात्यात झाली असती; परंतु इतक्या लोकप्रिय खेळाडूला नापास करण्यास शिक्षकांचे मन धजले नाही आणि त्यांनी चिकाटीने त्याला शिकविले. या पक्षपाताला दोष देणारे देवोत, मला मात्र त्यात न्यायच दिसतो. कारण मैदानावरही जे त्याला मिळाले होते ते उपजत देणगीने नव्हे, कष्टानेच मिळाले होते, आणि अशा माणसाला थोडा अधिक अवधी दिला तर तो काय करून दाखवतो याचा पुरावा पुढील वर्षभरातच मिळाला.

कॅनडात शिक्षण पुरे करून १९४१ च्या मध्यास तो इंग्लंडात ४५२ क्रमांकाच्या ऑस्ट्रेलियन तुकडीत स्पिटफायर विमानावर तैनात झाला. तिथे पॅडी फिनुकेन हा जेमतेम विशीतला आयरिश वैमानिक त्याचा वरिष्ठ आणि जिवलग मित्र झाला. इंग्लिश खाडीपलीकडे व्यापलेल्या फ्रान्सवर रोज मोहिमा निघत. नोव्हेंबरात शत्रूची दोन विमाने पाडून परतताना ट्रस्कॉटचे विमान निकामी झाले. हवाई छत्रीने त्याने समुद्रात उडी घेतली आणि तेथून त्याची सुटका झाली. जानेवारी १९४२ मध्ये फिनुकेनची बदली होताच तुकडीचे नेतृत्व त्याच्याकडे आले. पुढच्याच महिन्यात जर्मनांच्या बलाढ्य युद्धनौका इंग्रजांच्या डोळ्यांदेखत खाडीतून निसटून गेल्या, त्या दिवशी त्याने सोबतच्या विनाशिकेवर हल्ला चढविला. दहाहून अधिक विमाने पाडल्याची नोंद त्याच्या नावे झाली आणि ‘डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस’ हा सन्मान त्याला दोनदा लाभला. फिनुकेन त्याच वर्षी जुलैत मारला गेला.

ट्रस्कॉट मायदेशी परतला तेव्हा जपानी फौजा ऑस्ट्रेलियाच्या उंबरठ्याशी येऊन ठेपल्या होत्या. मेलबर्नचे मैदान लष्कराने ताब्यात घेतल्यामुळे क्लबाला शेजारच्या पंट रोडवर, म्हणजे प्रतिस्पर्धी रिचमंडच्याच अंगणात, बिऱ्हाड थाटावे लागले होते. जीलाँगच्या क्लबाने तर प्रवासाच्या निर्बंधांपायी त्या मोसमातून माघारच घेतली होती. युद्धकाळात खेळ चालू ठेवावेत की नाहीत हा वाद त्या शहराला नवा नव्हता. पहिल्या महायुद्धात, १९१६ साली, स्पर्धेत अवघे चार क्लब उरले होते. अशा वातावरणात १९४२ च्या मे महिन्यात ट्रस्कॉट रिचमंडविरुद्ध एक सामना खेळला, कर्णधार म्हणून, आणि एक गोलही त्याने केला. तो त्याचा पन्नासावा आणि अखेरचा सामना.

पुढे ७६ क्रमांकाच्या तुकडीबरोबर न्यू गिनीच्या पूर्व टोकाला, मिल्न बे येथे, त्याचा मुकाम पडला. अखंड पाऊस, गुडघाभर चिखल, आणि त्या चिखलावर लोखंडी जाळ्या अंथरून केलेली धावपट्टी. ऑगस्ट १९४२ च्या अखेरीस जपानी सैन्य किनाऱ्यावर उतरले, तेव्हा रणभूमी विमानतळाच्या इतकी निकट आली, की किटीहॉक विमानाने जमीन सोडताच वैमानिकास मशीनगनचा चाप ओढावा लागे. नारळीच्या बागांमध्ये दडलेल्या शत्रूवर गोळ्या झाडून झाडून मशीनगनच्या नळ्या झिजून गेल्या. २७ तारखेस तुकडीचा नायक पीटर टर्नबुल पडला आणि त्याची जागा ट्रस्कॉटने घेतली. सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात जपान्यांनी काढता पाय घेतला. जपानी भूसेनेचा निःसंदिग्ध पराभव प्रथम येथे झाला, आणि त्या वार्तेने ब्रह्मदेशात लढणाऱ्यांना धीर आला, असे जनरल स्लिम यांनी आपल्या आठवणींत नमूद केले आहे. स्लिम यांच्या चौदाव्या सेनेत मराठा पलटणीचे जवानही होते.

त्यानंतर काही काळ डार्विनच्या रक्षणार्थ राहून, तेथे रात्रीच्या अंधारात एक जपानी बॉम्बफेके विमान पाडून, तुकडी पश्चिम ऑस्ट्रेलियातील एक्समथ आखाताकडे गेली. २८ मार्च १९४३ रोजी एका कॅटालिना विमानाला सोबत करून परतताना, वैमानिक सरावासाठी नेहमी करीत तसा, त्याने त्यावर लटका हल्ला चढविला. कॅटालिना वाटले त्याहून बरेच खाली उडत होते, समुद्र आरशासारखा निश्चल होता, आणि अशा पाण्यावर उंचीचा अंदाज भल्याभल्यांना येत नाही. किटीहॉक सरळ पाण्यावर आदळले. पाणबुड्याने देह बाहेर काढला आणि पर्थच्या काराकाटा दफनभूमीत त्याला लष्करी इतमामाने मूठमाती देण्यात आली. शत्रूच्या गोळीने नव्हे, अशा अपघाताने तो गेला, याची चुटपुट त्याच्या चाहत्यांना लागली, हे साहजिकच आहे. मला मात्र वाटते, उंचीचा अंदाज ही त्याची पहिल्या दिवसापासूनची दुर्बल बाजू होती, आणि तिच्यासह त्याने दोन खंडांवर जे करून दाखविले ते त्यामुळेच अधिक मोलाचे ठरते.

सरकारने त्याचे नाव वायव्येकडील किंबर्लीच्या किनाऱ्यावर १९४४ साली बांधलेल्या गुप्त विमानतळाला दिले. पुढे बालसाहित्यात कीर्ती पावलेले आणि स्वतः वैमानिक राहिलेले आयव्हन साउथॉल यांनी त्याचे चरित्र लिहिले. परंतु त्याची खरी आठवण त्याच्या क्लबाने राखली. मेलबर्नच्या वर्षभरातील सर्वोत्तम खेळाडूला जे पदक मिळते ते ट्रस्कॉटच्या नावाचे. नवोदित खेळाडूसाठी असलेले पारितोषिक हॅरल्ड बॉलचे. रुग्णवाहिका पथकात काम करणारा हा एकवीस वर्षांचा तरुण फेब्रुवारी १९४२ मध्ये सिंगापूर पडण्याच्या सुमारास मारला गेला. रॉन बरासी तर त्याआधीच, ३१ जुलै १९४१ रोजी, टोब्रुकच्या वेढ्यात पडला होता. मागे पाच वर्षांचा मुलगा, नाव वडिलांचेच. हे पोर कोणत्या क्लबाच्या हद्दीत राहते याचा विचार न करता बापाच्या क्लबाला त्यावर हक्क सांगता यावा, असा नियम पुढे झाला, आणि बापाचा सहखेळाडू व नंतर संघाचा प्रशिक्षक झालेल्या नॉर्म स्मिथने त्या मुलाला आपल्या घरी ठेवून घेतले. १९५३ साली धाकटा बरासी मेलबर्नकडून प्रथम मैदानात उतरला, आणि त्या क्लबाबरोबर त्याने सहा अजिंक्यपदे जिंकली.