ब्रेथलेस म्हणजे काय? अर्थ, समानार्थी शब्द आणि ट्रान्सलेट ॲप कुठे गडबडतं

काशीदच्या किनाऱ्यावर फोटो काढला, इन्स्टाग्रामवर टाकला आणि खाली कॅप्शन लिहिलं, 'ब्रेथलेस व्ह्यू'. असं तुम्ही लिहिलंय किंवा कुणाचं तरी वाचलंय, बरोबर? वाचणाऱ्याला भावना पोहोचते, पण इंग्रजीत या वाक्याचा अर्थ होतो की समुद्राच्या देखाव्यालाच धाप लागली आहे.

ब्रेथलेस हे विशेषण बहुतेक वेळा माणसासाठी वापरतात. श्वास ज्याचा चढतो किंवा रोखला जातो, तो ब्रेथलेस. ज्या गोष्टीमुळे हे होतं ती गोष्ट 'ब्रेथटेकिंग'. म्हणून व्ह्यू ब्रेथटेकिंग आणि तो बघून तुम्ही ब्रेथलेस. कॅप्शनमध्ये एवढं जरी सांभाळलं तरी निम्मं काम झालं.

आता उच्चार. ब्रेथ हे नाम आहे, म्हणजे श्वास. श्वास घेणे या क्रियापदाचा उच्चार 'ब्रीद', आणि त्याच्या स्पेलिंगमध्ये शेवटी एक 'ई' जास्त असतो. आपल्या ब्रीदवाक्यातल्या ब्रीदशी त्याचा काही संबंध नाही. डिक्शनरी ॲपमधलं स्पीकरचं चिन्ह दाबून दोन्ही एकदा ऐका, कानाला फरक लगेच कळतो.

एक शब्द, चार अर्थ

पहिला अर्थ सरळ आहे: दम लागलेला, धाप लागलेला. रेवदंड्याची खाडी ओलांडून कोर्लईचा किल्ला एका दमात चढलात, की वर पोहोचल्यावर तुम्ही ब्रेथलेस. इथे समानार्थी शब्द म्हणजे 'आउट ऑफ ब्रेथ', 'पँटिंग', 'विंडेड', 'गॅस्पिंग'. चौघांची तीव्रता मात्र सारखी नाही. धावून आल्यावर धापा टाकणं ते पँटिंग. पोटात फटका बसून किंवा जोरात पळून क्षणभर श्वासच न मिळणं ते विंडेड. गॅस्पिंग सगळ्यात गंभीर, हवेसाठी तोंड उघडून धडपडणं. पाण्यात बुडता बुडता बाहेर काढलेल्या माणसासाठी हा शब्द येतो. मॉर्निंग वॉकबद्दल लिहिताना तो वापरू नका.

दुसरा अर्थ उत्सुकतेने श्वास रोखलेला. शेवटच्या चेंडूवर सहा धावा हव्या असताना स्टेडियममध्ये पसरते ती 'ब्रेथलेस' शांतता. मराठीत आपण 'श्वास रोखून' म्हणतो, आणि ते अगदी चपखल बसतं.

तिसरा अर्थ घाईचा, न थांबता बोलण्याचा. 3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर आदळलं, तेव्हा न्यूज चॅनेलवर जे अखंड ओरडून सांगणं चालू होतं, त्याला इंग्रजीत 'ब्रेथलेस कव्हरेज' म्हणतात. (ते ऐकायला मुरूड-श्रीवर्धनकडे ना वीज होती ना नेटवर्क, हा भाग वेगळा.) शंकर महादेवन यांचं 1998 मधलं 'ब्रेथलेस' गाणं आठवा. जावेद अख्तर यांचे शब्द, आणि ऐकताना वाटतं की गायकाने मध्ये कुठे श्वासच घेतला नाही. 'कट्यार काळजात घुसली' सिनेमातले पंडितजी म्हणजे हेच शंकर महादेवन.

चौथा अर्थ क्वचित भेटतो, पण कोकणातल्या माणसाला पटकन समजेल. मे महिन्यातली दुपार, माडाची झावळीसुद्धा हलत नाही, अंगाला नुसती चिकचिक. अशा दुपारला इंग्रजी लेखक 'ब्रेथलेस' म्हणतात. आपण म्हणतो वारा पडलाय. इथे समानार्थी शब्द 'स्टिल' किंवा 'एअरलेस'.

ॲप का फसतं?

गुगल ट्रान्सलेटमध्ये मराठी आली 2013 साली. तेव्हापासून ते खूप सुधारलंय, पण एकटा शब्द टाकला तर त्याने चारपैकी कुठला अर्थ द्यायचा? त्याच्याकडे संदर्भच नसतो. म्हणून शब्द नाही, पूर्ण वाक्य टाका. मग आलेलं मराठी वाक्य उलट इंग्रजीत करून बघा. मूळ अर्थ परत आला नाही, तर समजा मध्ये काहीतरी सांडलं.

शब्दाची फोड करून अर्थ लावण्याची सवयही धोक्याची आहे. 'लेस' म्हणजे शिवाय, मग ब्रेथलेस म्हणजे निःश्वास? अजिबात नाही. मराठीत निःश्वास म्हणजे बाहेर सोडलेला श्वास, म्हणून तर आपण सुटकेचा निःश्वास टाकतो. मग बेदम? 'बे' म्हणजे विना आणि 'दम' म्हणजे श्वास, दोन्ही फारसीतून आलेले. फोड केली तर शब्दशः ब्रेथलेसच! पण मराठीत बेदम फक्त मार खातात.

हा 'दम' तर ॲपची खरी परीक्षा घेतो. दम लागला, दम दिला, दम धर, दमात घेतलं, दम बिर्याणी. शब्द एकच, पण दम देणारा धमकावतो आणि दम धरणारा थांबतो. ही पाचही वाक्यं ट्रान्सलेटमध्ये टाकून बघा, चांगला टाइमपास आहे.

इंग्रजी शब्दासाठी अस्सल मराठी शब्द शोधायचा असेल तर एक जुनी वाट आहे. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, दुसरी आवृत्ती 1857 ची, शिकागो विद्यापीठाच्या डिजिटल साउथ एशिया लायब्ररीवर फुकट उघडतो. त्यात इंग्रजी अर्थांमधूनही शोधता येतं. म्हणजे इंग्रजी शब्द टाकायचा आणि ज्या मराठी शब्दांच्या अर्थात तो आलाय ते बघायचे. मोबाइलवर ती साइट दिसायला ओबडधोबड आहे, पण माल खरा.

आजीच्या केस पेपरवरचं ब्रेथलेस

इथे मात्र गंमत बाजूला ठेवू. घरातल्या मोठ्यांचे कागद आजकाल तुम्हीच वाचता. त्यावर 'ब्रेथलेसनेस ऑन एक्झर्शन' असेल तर अर्थ, श्रम केल्यावर धाप लागते. 'एस ओ बी' ही तीन अक्षरं म्हणजे 'शॉर्टनेस ऑफ ब्रेथ'. आणि 'डिस्प्निया' हे त्याचंच वैद्यकीय नाव. हाताने लिहिलेला कागद गुगल लेन्सने वाचलात तर अक्षरं चुकू शकतात, तेव्हा औषधाचं नाव त्यावरून ठरवू नका.

डॉक्टरांना सांगताना इंग्रजी शब्दाची गरजच नाही. 'आजी ब्रेथलेस आहे' यापेक्षा 'अंगणातून विहिरीपर्यंत जाताना दोनदा थांबते' हे जास्त उपयोगी. किती चालल्यावर थांबावं लागतं, यावरूनच डॉक्टर धापेची पायरी ठरवतात. सपाट रस्त्यावर साधारण शंभर मीटरवर थांबावं लागणं ही वरची पायरी मानतात. आडवं झाल्यावर त्रास वाढतो का, रात्री झोपेतून उठून बसावं लागतं का, हेही सांगा.

बसल्या जागी धाप लागत असेल, एक वाक्य सलग बोलता येत नसेल किंवा ओठ निळसर दिसत असतील, तर अर्थ शोधत बसू नका. 108 ला फोन लावा आणि मराठीत सांगा, 'श्वास घेता येत नाहीये.' मग गाव, वाडी आणि जवळची खूण, म्हणजे देऊळ, शाळा, जेट्टी, जे असेल ते.