जुन्या खेळाच्या नव्या पुरवण्या

गेल्या पावसाळ्यांत माझ्या पुतणीवर एक लहानसें संकट कोसळलें. त्याची हकीकत सांगूनच आजच्या विषयाला आरंभ करतों. ती ‘मोरोविंड’ नांवाचा संगणकावरील एक जुना खेळ खेळत होती. ह्या खेळांत आपण एका कैद्याच्या भूमिकेंत शिरून व्हार्डनफेल नांवाच्या बेटावर जहाजांतून उतरतों, आणि पुढें आपल्या इच्छेप्रमाणें योद्धा, मांत्रिक वा चोर होऊन तेथील राजकारणांत व दंतकथांत गुंतत जातों. मुलीनें दोन महिने खपून तेथें पुष्कळ चीजवस्तु जोडली होती, आणि ती सर्व बाल्मोरा नांवाच्या शहराबाहेर एका घरांत नीट लावून ठेवली होती. हें घर मूळ खेळांतलें नव्हे. कोणा हौशी माणसानें रचलेल्या एका पुरवणीनें तें तेथें उभें केलें होतें. एके दिवशीं पसारा कमी करावा म्हणून तिनें कांहीं पुरवण्या काढून टाकल्या, खेळ पुन्हा चालू केला, पडद्यावर आलेली सूचना न वाचतांच ती पुढें गेली आणि जुन्या नोंदीवरच तिनें नवी नोंद जतन केली. मग मला हांक आली, “काका, घर होतें तेथें नुसती माती आहे!”

पुरवणी परत बसविली तेव्हां घर परत आलें. पण तें रिकामें. दोन महिन्यांची कमाई गेली ती गेलीच. दोष खेळाचा नव्हता, पुरवणी रचणाराचाहि नव्हता. ह्या कामाची रीत आम्हां दोघांनाहि ठाऊक नव्हती, एवढेंच खरें. ती रीत मीं त्यानंतर समजून घेतली, आणि तीच आज आपणांपुढें मांडावयाची आहे.

मोरोविंड हा खेळ बेथेस्डा ह्या अमेरिकन संस्थेनें २००२ च्या मे महिन्यांत प्रसिद्ध केला. त्याच वर्षीं ‘ट्रिब्यूनल’ आणि २००३ मध्यें ‘ब्लडमून’ अशा दोन अधिकृत पुरवण्या निघाल्या. परंतु हा खेळ आजहि खेळला जातो ह्याचें कारण निराळें आहे. ज्या साधनानें खेळाचें जग रचतां येतें, तें ‘कन्स्ट्रक्शन सेट’ नांवाचें साधन संगणकावरील आवृत्तीबरोबरच ग्राहकांच्या हातीं देण्यांत आलें. ज्याला वाटेल त्यानें नवें घर बांधावें, नवीन माणसें वसवावींत, मूळांतली चूक दुरुस्त करावी. अशा हौशी पुरवणीलाच ‘मॉड’ म्हणतात. मूळ खेळांत मोरोविंड प्रांताचें फक्त बेट आहे. बेटापलीकडील मुख्य भूमि ‘टॅमरिएल रीबिल्ट’ ह्या नांवानें एकत्र आलेले स्वयंसेवक २००१ पासून रचीत आले आहेत, आणि तयार झालेला भाग ते वेळोवेळीं विनामूल्य देत आले आहेत.

आतां मॉड म्हणजे नेमकें काय, हें पाहूं. जुन्या छापील ग्रंथाला शुद्धिपत्राच्या चिठ्ठ्या चिकटविलेल्या आपण पाहिल्या असतील. मूळ ग्रंथ छापलेला तसाच राहतो; चिठ्ठी म्हणते, ‘अमुक पानावर अमुक मजकुराऐवजीं हा मजकूर वाचावा.’ मोरोविंडची रचना अशीच आहे. मूळ जगाच्या सर्व नोंदी, म्हणजे प्रत्येक मनुष्य, शस्त्र, संवाद व खोली, एका मुख्य फाइलींत आहेत. तिला मास्टर म्हणतात. मॉडची फाइल, जिला प्लगिन म्हणतात, ती मास्टरला हात लावीत नाहीं. खेळ सुरू होतांना संगणक प्रथम मास्टर वाचतो, मग एकामागून एक प्लगिन वाचतो, आणि ज्या नोंदीविषयीं प्लगिन कांहीं सांगतो ती नोंद तेवढी बदललेली धरतो.

येथेंच सगळ्या अडचणींचें मूळ आहे. दोन चिठ्ठ्या एकाच परिच्छेदावर चिकटविल्या तर वरचीच दिसणार. एका मॉडनें एखाद्या तलवारीचें वजन सुधारलें आणि दुसऱ्यानें तिचा वार वाढविला, तर वजन पहिल्याचें व वार दुसऱ्याचा असा समेट संगणक करीत नाहीं. जो प्लगिन शेवटीं वाचला जातो, त्याची संपूर्ण नोंद राहते आणि आधीचीचा मागमूसहि उरत नाहीं. म्हणून कोणता मॉड घेतला ह्याइतकेंच तो कितव्या क्रमांकावर वाचला जातो ह्यालाहि महत्त्व आहे. मूळ खेळांत हा क्रम कशानें ठरतो हें ऐकून आपणांस मौज वाटेल: फाइलींत शेवटचा फेरफार ज्या दिवशीं झाला, त्या तारखेनें! मास्टर आधीं, आणि मग प्लगिन तारीखवार. अशा प्लगिनांची संख्याहि मूळ खेळांत २५५ च्या पुढें जाऊं शकत नाहीं.

कांहीं नोंदी तर याद्यांच्या स्वरूपाच्या असतात. खेळणाराच्या तयारीप्रमाणें रानांत कोणतें जनावर भेटावें किंवा पेटींत काय सांपडावें, हें अशा याद्या ठरवितात. दोन मॉडनीं एकाच यादींत आपापल्या वस्तु घातल्या तर पहिल्याच्या वस्तु कोठेंच सांपडत नाहींत, आणि मॉड बसवूनहि तो न बसविल्यासारखा होतो. ह्यावर उपाय आहे. ‘टेस-थ्री-सीएमडी’ सारखीं साधनें सर्व याद्या एकत्र करून एक जुळता प्लगिन तयार करतात, आणि तो सर्वांच्या शेवटीं ठेवावयाचा असतो. मॉडची निवड बदलली कीं हा जुळता प्लगिनहि नव्यानें करावा लागतो, हें मात्र पुष्कळ जण विसरतात.

चित्रें व आकृति ह्यांची गोष्ट वेगळी आहे. त्यांच्या फाइली ‘डेटा फाइल्स’ नांवाच्या फोल्डरांत जातात. तेथें दोन मॉडच्या फाइलींचें नांव एकच असेल, तर दुसरी पहिलीला पुसून टाकते आणि पहिली परत मिळत नाहीं. म्हणून ‘मॉड ऑर्गनायझर’ सारखा व्यवस्थापक वापरणें हिताचें. तो प्रत्येक मॉड स्वतंत्र फोल्डरांत ठेवतो, आणि खेळापुरता सर्व फाइली एकत्र असल्याचा देखावा उभा करतो. मूळ फोल्डर अस्पृष्ट राहतें. मॉड नको झाला तर त्याची खूण काढली कीं काम झालें.

हें ध्यानीं घेतल्यावर कामाची रीत सोपी होते. खेळ विंडोजच्या ‘प्रोग्रॅम फाइल्स’ मध्यें बसवूं नये. व्हिस्टा आवृत्तीपासून त्या जागीं लिहिण्यास विंडोज अडथळा करतें. प्रथम मॉडशिवाय खेळ नीट चालतो कीं नाहीं हें पाहावें आणि त्या स्वच्छ फोल्डरची एक प्रत बाजूला ठेवावी. मग दुरुस्त्या बसवाव्या: ‘मोरोविंड कोड पॅच’ खेळाच्या मूळ यंत्रणेंतील दोष काढतो, ‘पॅच फॉर प्युरिस्ट्स’ संवाद व नोंदींतील चुका सुधारतो. त्यानंतर मोठे मॉड आणि शेवटीं किरकोळ. प्रत्येकाबरोबरचें माहितीपत्रक वाचावें, एका वेळीं एकच मॉड बसवावा, प्लगिनपुढें खूण करावी आणि थोडें खेळून पाहावें. दहा मॉड एकदम बसविले आणि खेळ कोसळला, तर अपराधी कोण हें शोधण्यांत रविवार जातो.

क्रम लावण्यास ‘एमलॉक्स’ नांवाचें साधन आहे. खेळणारांनीं अनुभवानें जमविलेले नियम वाचून तें योग्य क्रम सुचवितें. जुन्या मॉडमध्यें आणखी एक खोड आढळते. कन्स्ट्रक्शन सेटमधील एका दोषामुळें खेळाच्या मूलभूत नियमांच्या कांहीं नोंदी रचणाराच्या नकळत प्लगिनांत शिरत. अशा नोंदी एकंदर ७२ आहेत. वर सांगितलेलें टेस-थ्री-सीएमडी हेंच साधन त्या झाडून काढतें.

मूळ यंत्रणेला दुसराहि एक पर्याय आहे. ‘ओपनएमडब्ल्यू’ ह्या नांवानें २००८ मध्यें स्वयंसेवकांनीं ती यंत्रणाच नव्यानें लिहावयास घेतली. मूळ खेळाच्या फाइली मात्र विकत घेतलेल्या असाव्या लागतात. तींत फोल्डरांचा व प्लगिनांचा क्रम एका साध्या मजकुराच्या फाइलींत लिहिलेला असतो. तारखांचा खेळ नाहीं आणि २५५ ची मर्यादाहि नाहीं. परंतु मूळ यंत्रणेच्या अंतर्भागावर विसंबून केलेले मॉड तींत चालत नाहींत, म्हणून निवड आधींच करावी.

आतां पुतणीच्या घराकडे वळूं. जतन केलेल्या खेळांत जगाची प्रत नसते. मूळ जगापासून व पुरवण्यांपासून आपल्या हातून जो फरक पडला, तो त्यांत लिहिलेला असतो. ‘अमुक घरांतील पेटींत अमुक वस्तु’ ही नोंद त्या घरावर विसंबून असते. घर देणारा प्लगिन नाहींसा झाला कीं नोंदीचा आधार गेला. आणि त्या स्थितींत खेळ पुन्हा जतन केला कीं ती नोंदहि गेली. म्हणून यादी खेळाच्या आरंभीं पक्की करावी आणि खेळ संपेपर्यंत मॉड काढूं नये. काढणें अटळच असेल, तर त्यांतील आपल्या वस्तु आधीं मूळ खेळांतल्या जागीं हलवाव्या, घराबाहेर यावें, आणि नवी नोंद निराळ्या नांवानें करावी. जुनी नोंद कधींहि पुसूं नये.

खरें पाहतां हें काम संपादकाचें आहे. एकमेकांना कधींहि न भेटलेल्या अनेकांनीं आपापल्या खोलींत बसून, मोबदल्याची अपेक्षा न ठेवतां, एकाच ग्रंथावर चिठ्ठ्या लिहिल्या. त्यांचा मेळ घालणारा कोणी अधिकारी नाहीं. तो मेळ प्रत्येक खेळणारानें आपल्या घरीं घालावयाचा असतो. क्रम चुकला तर त्यांपैकीं कोणाचें तरी कष्टाचें काम न दिसतांच वायां जातें.

माझ्या पुतणीनें नव्यानें आरंभ केला आहे. ह्या वेळीं संगणकाशेजारीं एक शंभर पानी वही आहे. तींत प्रत्येक मॉडचें नांव, बसविल्याची तारीख, त्याचा क्रमांक आणि तो कां घेतला हें एका ओळींत लिहिलेलें असतें. परवां एक नवा मॉड मीं तिला सुचविला. तिनें वही उघडली, यादीवरून बोट फिरविलें आणि म्हणाली, “काका, हा पुढच्या खेळांत घेऊं.”