सरकी, रुई आणि मोजणारी यंत्रे

कारखाना हा शब्द उच्चारताच महाराष्ट्रातील सुशिक्षित माणसाचे मन चाकणकडे, रांजणगावकडे किंवा वाळूजकडे धाव घेते. वाशीमकडे ते वळत नाही. वऱ्हाडच्या बालाघाटात आणि त्याच्या पायथ्याशी पसरलेला हा मुलूख इंग्रजी अंमलात 1905 पर्यंत स्वतंत्र जिल्हा होता. पुढे तो अकोल्यात विलीन झाला आणि 1 जुलै 1998 रोजी पुन्हा स्वतंत्र झाला. सरकारी दप्तरात त्याची ओळख सोयाबीन, तूर आणि कापूस यांचा जिल्हा अशीच नोंदली गेली आहे. परंतु कारंजा, मंगरूळपीर, रिसोड, मालेगाव, मानोरा या परिसरांतून पिकणारा माल जेथे प्रथम यंत्राच्या मुखी पडतो, ती जिनिंग, ती प्रेसिंग आणि ती दालमिल हेही वस्तुनिर्माणच आहे, आणि संगणकीय बुद्धीने आज कारखान्यांत जे परिवर्तन आरंभिले आहे त्याचा खरा अर्थ मोटारींच्या झगमगत्या कारखान्यापेक्षा या धुळीने माखलेल्या आवारात अधिक स्पष्टपणे उमगतो, असे माझे मत आहे.

या परिवर्तनास ‘चौथी औद्योगिक क्रांती’ असे भारदस्त नाव मिळाले आहे. जर्मनीतील हॅनोव्हरच्या औद्योगिक प्रदर्शनात 2011 साली ‘इंडस्ट्री 4.0’ ही संज्ञा प्रथम जगापुढे आली. आपल्याकडे 2015 साली चाकण येथे जनरल इलेक्ट्रिकच्या बहुविध उत्पादने घडविणाऱ्या कारखान्याचे उद्घाटन पंतप्रधानांच्या हस्ते झाले, तेव्हा परस्परांशी बोलणारी यंत्रे हा विषय मराठी वृत्तपत्रांच्या पहिल्या पानावर आला. या कल्पनेभोवतीचे अवडंबर बाजूस सारले तर तिचा गाभा सोपा आहे. यंत्राच्या अंगावर उष्णता, कंपन, ओलावा, वजन, रंग टिपणारे छोटे संवेदक, म्हणजे सेन्सर, बसवावयाचे. त्यांनी टिपलेले आकडे तारेने किंवा बिनतारी मार्गाने एके ठिकाणी गोळा करावयाचे. त्या आकड्यांवरून पुढील क्षणी काय करावे याचा निर्णय संगणकाने घ्यावयाचा. आणि हे सारे घडत असताना प्रत्येक टप्प्याची नोंद आपोआप ठेवावयाची. यांत्रिक हात हे या व्यवस्थेचे केवळ दर्शनी अंग असून तिचा प्राण मोजमापात आणि नोंदीत आहे. येथे एका गोष्टीचे स्मरण करून देण्याचा मोह आवरत नाही. छिद्रे पाडलेल्या पत्त्यांच्या मालिकेने यंत्राला हुकूम देण्याची युक्ती जाकार नावाच्या फ्रेंच कारागिराने 1804 च्या सुमारास मागावर पूर्णत्वास नेली, आणि चार्ल्स बॅबेजने आपल्या गणनयंत्राच्या आराखड्यासाठी तीच युक्ती मागावरून उचलली. तेव्हा संगणक आज कापसाच्या कारखान्यात शिरत आहे तो एका अर्थी आपल्या आजोळीच परतत आहे.

कापूस आणि वऱ्हाड यांचे नाते सांगावयास नको. परंतु त्या नात्यात यंत्र केव्हा आणि कोणासाठी शिरले हे ध्यानी घेतल्यावाचून आजच्या बदलाचे मर्म कळणार नाही. निजामाने 1853 साली वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिला. 1861 ते 1865 या काळात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे लँकेशायरच्या गिरण्यांची रुई तुटली आणि त्यांची दृष्टी या काळ्या जमिनीवर खिळली. 1867 साली मुंबईहून निघालेला लोहमार्ग नागपुरास पोहोचला, आणि विसाव्या शतकाच्या आरंभी मूर्तिजापुराहून कारंजामार्गे यवतमाळकडे जी अरुंद रुळांची गाडी सुरू झाली, जिला पुढे लोकांनी शकुंतला हे लाडके नाव दिले, तिचाही मुख्य हेतू कापूस वाहून नेणे हाच होता. तोवर घरोघरी हातरेच्यावर सरकी काढणाऱ्या बायांचे काम वाफेच्या जिनांनी हिरावून घेतले होते. जिनात सरकी निराळी झाली, दाबयंत्रात रुईची गाठ बांधली गेली, आणि गाठ गेली ती गेलीच. तिचे पुढे काय झाले, तिला कोणता भाव आला, तिच्या धाग्याचे कोणते वस्त्र विणले गेले, याची वार्ता ज्याच्या शेतात तो कापूस पिकला त्याच्यापर्यंत कधी परतली नाही. माहितीचा हा एकेरी प्रवाह हीच माझ्या मते वऱ्हाडच्या कापूस व्यवहारातील सर्वांत जुनी आणि सर्वांत खोल उणीव आहे.

आजच्या जिनिंगमध्ये काय चालते ते पाहू. भारतात मुख्यत्वे डबल रोलर पद्धतीचे जिन वापरतात. त्याचे मूळ फोन्स मॅकार्थी या अमेरिकनाने 1840 साली काढलेल्या यंत्रात आहे. चामड्याच्या चकत्यांनी मढविलेले दोन रूळ कापसाचे तंतू आपल्याकडे खेचतात, रुळाला टेकलेली स्थिर सुरी सरकीला अडविते, हलती सुरी तिच्यावर आघात करीत राहते, आणि तंतू एकीकडे व सरकी दुसरीकडे अशी ताटातूट होते. करवती जिनाच्या मानाने ही पद्धत संथ, परंतु तंतूच्या लांबीला जपणारी. एके काळी या प्रत्येक जिनापुढे एकेक बाई उभी राहून हाताने कापूस टाकीत असे. किती टाकावा हे तिला रुळाच्या आवाजावरून कळे. आता त्या जागी ऑटो फीडर बसले आहेत. अद्ययावत यंत्रात जिनाची मोटार किती वीज ओढते हे क्षणोक्षणी मोजले जाते. भार वाढला की फीडर मंदावतो, कमी झाला की वेग घेतो. कापूस फार कोरडा असेल तर तंतू तुटतो, फार ओला असेल तर रुळावर गुंडाळला जाऊन जिन तुंबतो. म्हणून वाटेतील नळांतच आर्द्रता टिपून आवश्यक तेथे बाष्प किंवा उष्ण हवा सोडण्याची तजवीज करता येते. धारव्याचे, म्हणजे बेअरिंगचे, तापमान वाढू लागले तर तो निकामी होण्यापूर्वीच सूचना मिळते, आणि जानेवारीच्या ऐन हंगामात, आवारात कापसाच्या गंजी उभ्या आणि फाटकाबाहेर गाड्यांची रांग लागलेली असताना, जिन बंद पडण्याचा अनर्थ टळतो.

आगीविषयी थोडे सविस्तर लिहिले पाहिजे, कारण जिनिंगचा कारखानदार, मजूर आणि शेतकरी या तिघांनाही सारखीच भीती वाटावी अशी ती एकच गोष्ट आहे. कापसाबरोबर आलेला खडा किंवा लोखंडाचा तुकडा वेगाने फिरणाऱ्या भागावर आदळतो, ठिणगी उडते, ती रुईत दडून हवेच्या नळातून पुढे जाते, आणि धुमसत राहून काही वेळाने भलत्याच ठिकाणी भडकते. माणसाच्या डोळ्यास ही ठिणगी दिसणे अशक्य असते. नळात बसविलेला अवरक्त किरणांचा संवेदक मात्र तिला क्षणार्धात ओळखतो, आणि ती पुढे पोहोचण्यापूर्वी नळाची झडप वळवून तेवढा कापूस बाहेर फेकला जातो. सर्व नवीन साधनांतून एकच निवडावयाचे असेल तर प्रत्येक जिनिंगने प्रथम हे निवडावे, असे मला मनापासून वाटते; ऐपत नसणाऱ्या छोट्या कारखान्यांना त्यासाठी सरकारने साहाय्य द्यावे. फेब्रुवारी 2000 मध्ये सुरू झालेल्या कापूस तंत्रज्ञान अभियानात जिनिंग-प्रेसिंगच्या आधुनिकीकरणासाठी स्वतंत्र विभाग होता, आणि सिमेंटची आवारे, वाहक पट्टे, ऑटो फीडर यांचा प्रसार त्यामुळे झाला, हा अनुभव आपल्यापुढे आहे.

परंतु यंत्र सुरळीत चालविणे हा या विद्येचा अर्धाच भाग झाला. उरलेला अर्धा भाग पारख करण्याचा आहे, आणि तेथेच तिचा शेतकऱ्याच्या जीवनाशी थेट संबंध येतो. 1972 साली महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना सुरू झाली. तेव्हापासून कित्येक हंगाम वऱ्हाडातील शेतकऱ्याने आपली गाडी खरेदी केंद्रावर उभी करून ग्रेडरच्या तोंडाकडे पाहिले. ग्रेडर मूठभर कापूस उपसून पाही, दोन बोटांनी तंतू ताणी, कवडी किती आहे याचा अदमास घेई आणि प्रत ठरवी. अनेक ग्रेडर आपल्या कामात निष्णात होते. परंतु त्यांच्या निर्णयाला दाखला नव्हता, म्हणून त्यावर दादही मागता येत नसे. आज एकाच तपासणी यंत्रात रुईच्या नमुन्याची लांबी, मजबुती, तंतूची सूक्ष्मता, रंग आणि कचरा ही सारी अंगे अल्पावधीत मोजली जातात. 27.5 ते 32 मिलीमीटर तंतूच्या कापसास आपल्याकडे लांब धाग्याचा म्हणतात. हा फरक बोटांना जाणवतो खरा, पण आकड्यात मांडला की त्यावर वाद घालता येतो. हमीभावाने खरेदी करताना भारतीय कापूस महामंडळ आठ टक्के ओलावा प्रमाण मानते, त्यापुढे बारा टक्क्यांपर्यंत भावात कपात करते आणि त्याहून ओला माल नाकारते. सोयाबीनसाठीही बारा टक्क्यांची मर्यादा आहे. तेव्हा मोजणीच्या छोट्या यंत्रावर उमटणारा आकडा म्हणजे शेतकऱ्याच्या वर्षाच्या कमाईवरील निवाडाच होय. ते यंत्र नीट जुळविलेले आहे की नाही हे तपासण्याचा अधिकार त्याला असलाच पाहिजे, आणि बाजार समितीच्या दारात ज्याप्रमाणे वजनाचा काटा प्रमाणित करून ठेवतात त्याप्रमाणे ओलाव्याचे यंत्रही प्रमाणित करून ठेवण्यास कोणाची हरकत असू नये.

दालमिलच्या व्यवसायात हेच परिवर्तन निराळ्या मार्गाने आले. तुरीची डाळ करणे हे वरकरणी सोपे, पण प्रत्यक्षात कसबाचे काम: दाणे चाळावयाचे, रुळावर घासून टरफलास ओरखडे पाडावयाचे, तेलपाणी देऊन मुरू द्यावयाचे, वाळवावयाचे आणि मग भरडावयाचे. छोट्या प्रमाणावर हे साधावे म्हणून अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने विकसित केलेली मिनी दालमिल विदर्भाच्या गावागावांत पोहोचली. परंतु भरडल्यानंतर काळे दाणे, खडे आणि टरफल न निघालेले दाणे वेचण्याचे काम हातांनीच होत असे. आता मोठ्या मिलमध्ये ते ‘सॉर्टेक्स’ नावाचे यंत्र करते. डाळीचा पातळ पडदा उतरणीवरून घसरत येतो, दोन्ही बाजूंचे कॅमेरे प्रत्येक दाणा पाहतात, आणि सदोष दाणा दिसताच नेमक्या त्याच्यावर हवेचा फुत्कार येऊन तो वाटेतून उडविला जातो. रंगाने डाळीसारखाच दिसणारा खडा साध्या कॅमेऱ्यास फसवितो. त्यासाठी अवरक्त किरणांची जोड देतात. नवी यंत्रे चांगल्या-वाईट दाण्यांचे नमुने दाखवून ‘शिकविता’ येतात. अट एवढीच, की दाबाखालील हवा कोरडी आणि वीज स्थिर असली पाहिजे, आणि ग्रामीण भागात या दोन साध्या अटीच पुष्कळदा सर्वांत महाग पडतात.

पूर्वी वेचण्याचे हे काम बायका करीत. जिनापुढे उभ्या राहणाऱ्या, कवडी निवडणाऱ्या, सुपे घेऊन डाळ पाखडणाऱ्या या स्त्रियांना शेतीची कामे संपल्यावर चार महिने रोजगार मिळे. रुईच्या धुळीने छाती भरून येण्याचा जो आजार गिरण्यांतून आणि जिनांतून आढळतो त्याचा विचार करता ते काम गेले याची हळहळ बाळगू नये. परंतु त्याच्या मोबदल्यात दुसरे काम उभे राहिले नाही याची लाज मात्र वाटली पाहिजे. नव्या यंत्राजवळ माणूस लागतोच: पॅनेलवरील आकडे वाचणारा, कॅमेऱ्याची काच पुसून त्याची जुळणी करणारा, संवेदक बदलणारा. ही कामे बसून करण्याची आणि शिकण्याजोगी आहेत. दहावी झालेल्या मुलीला काही महिन्यांत ती येऊ शकतात. औद्योगिक प्रशिक्षण संस्थांतून वीजतंत्री आणि जोडारी हे अभ्यासक्रम वर्षानुवर्षे चालत आले आहेत. त्यांच्या शेजारी जिनिंग आणि दालमिलच्या यंत्रांची देखभाल हा विषय जिल्ह्याच्या गरजेप्रमाणे शिकविला गेला, तर यंत्र बिघडल्यावर मोठ्या शहराहून येणाऱ्या तंत्रज्ञाची वाट पाहत मिल बंद ठेवण्याची आपत्तीही टळेल.

आता माहितीच्या त्या एकेरी प्रवाहाकडे वळू. गेल्या काही वर्षांत रुईच्या गाठीवर क्यूआर संकेत लावण्याची पद्धत सुरू झाली आहे. ‘कस्तुरी कॉटन भारत’ या नावाने भारतीय कापसाला जगात ओळख मिळवून देण्याचा जो उपक्रम केंद्र शासनाने हाती घेतला, त्यात प्रत्येक गाठीची नोंद ब्लॉकचेन पद्धतीने ठेवतात. म्हणजे एकदा केलेली नोंद मागाहून कोणास गुपचूप फिरविता येऊ नये अशी व्यवस्था असते. परदेशी ग्राहकास आपण घेतो त्या वस्त्राचा कापूस कोठला हे जाणून घ्यावयाचे आहे, म्हणून हा खटाटोप. परंतु या नोंदीचा माग गाठीपासून पुढे सूतगिरणीकडे जितक्या सहजपणे जातो तितक्या सहजपणे मागे शेताकडे जात नाही, आणि त्याचे कारण संगणकात नसून आवारातील गंजीत आहे. शंभर किलो कापसातून सुमारे चौतीस किलो रुई निघते आणि गाठ साधारण 170 किलोची असते. म्हणजे पाच क्विंटल कापसाची एक गाठ. कोरडवाहू शेतकरी एका खेपेस दहा-पंधरा क्विंटल कापूस आणतो. तो दुसऱ्या पन्नास जणांच्या कापसात मिसळून एकाच गंजीवर पडतो, आणि तेथेच त्याची ओळख पुसली जाते. एखाद्याच्या वाणाचा रुईचा उतारा छत्तीस टक्के असला आणि शेजाऱ्याचा तेहेतीस, तरी क्विंटलमागील ही तीन किलो रुई कोणाच्या शेतातून आली हे जिनाचा संगणकही सांगू शकत नाही, आणि दोघांस भाव एकच मिळतो.

यावर उपाय आहे, आणि तो यंत्रापेक्षा संघटनेचा अधिक आहे. गावाने मिळून एकच वाण पेरावा, वेचणी स्वच्छ कापडी झोळ्यांतून व्हावी, गावचा कापूस निराळ्या गंजीत ठेवून निराळा जिनावर चढवावा, आणि शेतकऱ्यांच्या कंपनीने कापूस न विकता रुई आणि सरकी विकावी. राज्य शासनाच्या ‘स्मार्ट’ प्रकल्पात ‘एक गाव एक वाण’ या सूत्राने हा प्रयोग कापसापुरता हाती घेतला गेला आहे. असे झाले तर जिनाचे मीटर आणि तपासणी यंत्र जे मोजते ते प्रथमच त्या गावचे होईल: उतारा किती, तंतूची लांबी किती, कचरा किती, याचा दाखला मराठीत छापून प्रत्येक खातेदाराच्या हाती देता येईल, आणि पुढील जूनमध्ये बियाणे निवडताना दुकानदाराच्या शिफारशीऐवजी तो कागद पुढे ठेवता येईल. दहा-दहा, पंधरा-पंधरा क्विंटलांच्या राशी एकत्र करून एका गावाची सलग पाळी लावावयाची म्हणजे जिनाचा काही वेळ मोकळा जातो, प्रत्येक पाळीपूर्वी यंत्र झाडून काढावे लागते, आणि हा खर्च कोणी सोसावयाचा हा प्रश्न उरतो. तो कारखानदाराच्या माथी न मारता गावांच्या पाळ्या हंगामाआधीच मुक्रर करून दिल्या, तर हा खर्च पुष्कळ आटोक्यात येईल. त्या पाळ्यांचे वेळापत्रक मोबाईलवर जुळविणे हे या साऱ्या नव्या विद्येतील सर्वांत सोपे काम आहे, आणि वाशीमने त्यापासूनच आरंभ करावा.