डेमोपुरतं मैदान

फुटबॉल हा जळकोटचा खेळ नव्हे. कोल्हापुरात पेठांच्या तालमी फुटबॉलसाठी एकमेकींपुढे दंड थोपटतात. आमच्या लातूर-नांदेडच्या शिवेवर शाळेच्या मैदानात कबड्डी, खो-खो आणि उरलेल्या सगळ्या मोकळ्या जागेत क्रिकेट. तरीही २००० नंतरच्या आठ-दहा वर्षांत इथली बरीच पोरं फुटबॉल खेळली. ती खेळली संगणकावर, आणि त्यांतल्या पुष्कळांना खेळ लाभला तो डेमोपुरताच.

२००१मध्ये एमकेसीएल स्थापन झालं आणि एमएस-सीआयटी या संगणक-साक्षरतेच्या वर्गांमुळे तालुक्याच्या गावांतही संगणक दिसू लागले. जळकोटला रेल्वे नाही, इंटरनेट असलंच तर टेलिफोनच्या तारेवरून रखडत येणारं. अशा ठिकाणी शंभर-दोनशे एमबीचा खेळ उतरवून घेणं अशक्यच. तो यायचा मासिकाच्या सीडीतून. मुंबईहून निघणारं ‘चिप’ २००१मध्ये ‘डिजिट’ झालं. त्याच्या सीडीत अँटिव्हायरस, ड्रायव्हर, लहानमोठी सॉफ्टवेअर आणि सोबत गेमचे डेमो असायचे. मासिक एकजण घ्यायचा, सीडी गावभर फिरायची.

डेमोमागचा हिशेब व्यापाऱ्याचा होता. थोडं चाखायला द्या, गिऱ्हाईक उरलेल्यासाठी पैसे मोजेल. १९९३मध्ये ‘डूम’चा पहिला भाग असाच फुकट वाटला गेला. ब्रिटनमध्ये तर मासिकाला डिस्क चिकटवून देण्याची मोठी परंपराच होती. ‘अमिगा फॉरमॅट’च्या १९९३च्या नाताळ अंकाबरोबर ‘कॅनन सॉकर’ आला: ‘कॅनन फॉडर’मधले सैनिक आणि समोर ‘सेन्सिबल सॉकर’चे खेळाडू, दोनच पातळ्यांचा, खास त्या अंकासाठी केलेला. दिवाळी अंक हातात घेतलेल्या वाचकाला सणाच्या अंकाचं हे अप्रूप वेगळं सांगायला नको.

फुटबॉलच्या डेमोत मोजके संघ, एखादं मैदान आणि काही मिनिटांचा डाव एवढंच असायचं. स्पर्धा, संघबांधणी, खेळाडूंची खरेदी-विक्री हे सगळे पर्याय पडद्यावर दिसायचे, पण फिकट; त्यांवर क्लिक केलं तरी उघडायचे नाहीत. व्यापाऱ्यानं ही अडवणूक मुद्दाम केली असेल, पण जळकोटसारख्या गावाला तो आखूड डाव नेमका मानवला. भारनियमनाच्या त्या वर्षांत वीज कधी जाईल याचा भरवसा नसे आणि यूपीएस जेमतेम काही मिनिटं तग धरी. पूर्ण सामन्याच्या मध्येच पडदा काळा व्हायचा. डेमोचा सामना बहुधा निकाली लागायचा. मागं नंबर लावून उभ्या असलेल्यांनाही लवकर खुर्ची मिळायची.

कीबोर्ड एक, खेळणारे दोन. एकाकडे बाणांच्या कळा, दुसऱ्याकडे डावीकडची अक्षरं. स्वस्त कीबोर्डला एका वेळी ठराविकच कळा कळतात. त्याहून जास्त दाबल्या की एखादी मुकी राहते. त्यामुळं ऐन गोलाच्या तोंडाशी समोरच्यानं उगाच चार कळा दाबून धरल्या की आपला फटका बसतच नसे. यावरून झालेली भांडणं खऱ्या मैदानावरल्या भांडणांइतकीच खरी होती.

मला खरी हळहळ वाटते ती वेगळ्या गोष्टीची. ‘फिफा: रोड टू वर्ल्ड कप ९८’ या खेळात तेव्हाचे १७२ राष्ट्रीय संघ होते आणि पात्रता फेरीपासून खेळता येत होतं. म्हणजे त्यात भारतही होता. ज्यानं फक्त डेमो खेळला, त्याला आपला देशही त्या यादीत आहे याचा पत्ताच लागला नसेल. कोनामीच्या ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर’मधला कॅस्टोलो हा मनानं रचलेला खेळाडू जगभरच्या पोरांना पाठ झाला, तोही संघबांधणीच्या ‘मास्टर लीग’मुळे; डेमोवाल्यांसाठी ते दार बंदच होतं.

पुढं फुटबॉलच्या डेमोची रीतच मागं पडली. ‘फिफा’ खेळ काढणाऱ्या ईएनं ‘फिफा २०’चा डेमो सप्टेंबर २०१९मध्ये दिला, ‘फिफा २१’ला तो दिलाच नाही. कोनामीनं २०२१मध्ये ‘ईफुटबॉल’ फुकट केला, तेव्हा सुरुवातीला त्यात नऊच क्लब होते. पुढं पैसे मागायचे ते खेळाच्या आत. जुना सौदा मला जास्त सरळ वाटतो: एवढं फुकट, बाकीचं विकत, आणि फुकट तेवढं पुन्हा पुन्हा खेळायला कुणाची आडकाठी नाही.

त्या सीड्या मात्र नासत चालल्या आहेत. ओल, ऊन, ओरखडे यांनी चकाकणारा थर गेला की आतलं परत मिळत नाही. जगभरचे हौशी लोक मासिकांच्या अशा डिस्कच्या प्रती काढून ‘इंटरनेट आर्काइव्ह’वर ठेवतात. जळकोट, उदगीर, मुखेड, कंधारच्या वाचकांनो, दिवाळीच्या साफसफाईत जुन्या सीड्यांचा डबा सापडला तर भंगारात देऊ नका. सीडी ड्राइव्ह असलेला एखादा संगणक शोधा, प्रत्येक सीडीची आयएसओ प्रत (अख्ख्या सीडीची एकच फाइल) काढा आणि पाकिटावरचा महिना-वर्ष तिच्यासोबत लिहून ठेवा.