चार चाकांचा हिशेब

पावसाळ्यात कोणत्याही घाटाच्या तोंडाशी, चहाच्या टपरीवर पाच मिनिटे उभे राहा. एखादी उंच, धिप्पाड मोटार येऊन थांबते आणि तिच्या मालकाच्या तोंडून एक वाक्य हमखास ऐकू येते : "आपली गाडी फोर-व्हील ड्राइव्ह आहे. आपल्याला पावसाची काय धास्ती!" हे वाक्य निम्मे खरे आहे. जे निम्मे खोटे आहे ते घाट चढताना कळत नाही, उतरताना कळते. म्हणून या चार चाकांचा हिशेब आज जरा नीट मांडून पाहू. मी गणित शिकवणारा माणूस. मोटारीखाली आडवे होऊन नट फिरवणे हा माझा अधिकार नव्हे. पण हा विषय मुळात वर्तुळाच्या परिघाचा आहे, आणि परिघाविषयी चार शब्द बोलण्यास मला कोणी हरकत घेऊ नये.

आधी साध्या मोटारीचे पाहू. तिला चाके चार असली तरी इंजिनाचा जोर त्यांपैकी दोघांनाच मिळतो. पुढच्या दोन तरी, नाही तर मागच्या दोन तरी. उरलेली दोन नुसती सोबत चालतात. मोटार वळली की बाहेरच्या चाकाला लांबचा फेरा पडतो आणि आतल्याला जवळचा. बैलगाडीला याची अडचण नसते, कारण तिची दोन्ही चाके आसावर सुटी फिरतात. मोटारीत मात्र दोन्ही चाके एकाच इंजिनाने फिरवायची आणि तरीही प्रत्येकाला आपापल्या गतीने फिरू द्यायचे, असा पेच आहे. तो सोडवणाऱ्या दातेरी चाकांच्या पेटीला डिफरन्शियल म्हणतात. ओनेसिफोर पेकर या फ्रेंच माणसाने १८२७ साली वाफेच्या गाडीसाठी तिचे पेटंट घेतले होते. म्हणजे पेट्रोलची मोटार जन्माला येण्याच्या अर्धशतक आधी उत्तर तयार होते!

या पेटीचा एक स्वभाव लक्षात ठेवा. ती दोन्ही चाकांना जोर सारखाच देते. ऐकायला हे न्यायाचे वाटते, पण एक चाक चिखलात आणि दुसरे कोरड्या मुरुमावर असले की या न्यायाचा अन्याय होतो. चिखलातल्या चाकाला पकड नाही, म्हणून त्याला लागणारा जोर नगण्य. मग दुसऱ्यालाही तेवढाच नगण्य जोर मिळतो. एक चाक गरगर फिरते, दुसरे ढिम्म, आणि मोटार जागच्या जागी. हे दृश्य ज्याने पाहिले नाही असा कोकणातला माणूस विरळा.

यावर उपाय म्हणून चारही चाकांना जोर देण्याची कल्पना निघाली. हॉलंडमधल्या स्पायकर बंधूंनी १९०३ साली अशी मोटार करून दाखवली. पण सामान्य माणसाला ही गोष्ट माहीत झाली ती १९४१ सालच्या लष्करी जीपने. युद्ध संपल्यावर जीप आपल्याकडे आली, मुंबईत माझगावला तिची जुळणी होऊ लागली, आणि धरणाच्या कामापासून निवडणुकीच्या प्रचारापर्यंत ती सगळीकडे दिसू लागली. तिच्यात गिअरबॉक्सच्या मागे ट्रान्सफर केस नावाची आणखी एक पेटी असते. तिचा दांडा ओढला की मागच्या आसाकडे जाणारा शाफ्ट आणि पुढच्या आसाकडे जाणारा शाफ्ट एकमेकांशी घट्ट जखडले जातात. आजही थार किंवा जिम्नी यांसारख्या मोटारींत मूळ मांडणी हीच आहे.

आता इथे आमचे गणित येते. जुन्या जीपच्या पुढच्या आणि मागच्या आसांमधले अंतर ८० इंच, म्हणजे दोन मीटरांहून किंचित जास्त. समजा, जीप काटकोनात वळली आणि तिच्या मागच्या आसाच्या मध्यबिंदूने ५ मीटर त्रिज्येचे पाव वर्तुळ काढले. त्याची लांबी ७.८५ मीटर. पण पुढचा आस मागच्याच्या वाटेने जात नाही, तो बाहेरून जातो. पायथागोरसला विचारा, पुढच्याची त्रिज्या जवळजवळ ५.४० मीटर येते आणि त्याच्या पाव वर्तुळाची लांबी ८.४७ मीटर. फरक ६२ सेंटिमीटरांचा, म्हणजे चांगला दोन फुटांचा! एका वळणात पुढच्या चाकांना मागच्यांपेक्षा दोन फूट जास्त चालायचे आहे, आणि आपण तर दोन्ही शाफ्ट जखडून ठेवले आहेत.

मग हे दोन फूट जातात कुठे? चिखल, वाळू, सैल खडी असली तर चाके जराशी घसरतात आणि हिशेब मिटतो. कोरड्या डांबरी रस्त्यावर रबर घसरायला तयार नसते. मग तो ताण शाफ्टमध्ये, दात्यांमध्ये, सांध्यांमध्ये पिळासारखा साठत जातो. स्टिअरिंग जड होते, टायर कुरकुरतात, दांडा परत टाकावा तर हलत नाही. पुष्कळ जण अशा वेळी दांड्याशी कुस्ती खेळतात. त्यापेक्षा मोटार सरळ रेषेत थोडी मागे घ्यावी. पीळ उलगडतो आणि दांडा बहुधा आपोआप सुटतो. मुख्य म्हणजे कोरड्या, पक्क्या रस्त्यावर असा दांडा ओढूच नये. 'जोर आहे तर वापरू या' हा विचार इथे महागात पडतो.

पण मग पाऊस मध्येच पडतो, मध्येच थांबतो, अशा रस्त्यावर दांडा किती वेळा ओढायचा नि टाकायचा? उपाय सरळ होता. दोन चाकांमध्ये जशी डिफरन्शियलची पेटी, तशीच पुढच्या आणि मागच्या आसांमध्येही एक ठेवायची. ट्रॅक्टरमुळे ज्यांचे नाव झाले त्या हॅरी फर्ग्युसन यांनी याच कल्पनेचा पाठपुरावा केला आणि १९६६ च्या जेन्सन एफ-एफ या मोटारीत ती रस्त्यावर आली. १९७० ची रेंज रोव्हर, १९८० ची आउडी क्वात्रो ही पुढची नावे. यांत चारही चाकांना सदासर्वदा जोर मिळतो. ऑल-व्हील ड्राइव्ह म्हणतात ते मूळ हे.

अलीकडच्या बऱ्याच मोटारींत मात्र मधली पेटी वेगळी असते. एरवी मोटार पुढच्या दोन चाकांवरच चालते, आणि मागचा शाफ्ट एका जोडाने बांधलेला असतो. या जोडात पातळ चकत्यांची चळत असते. चाकांजवळची यंत्रे प्रत्येक चाकाच्या फेऱ्या मोजून संगणकाला कळवत असतात. पुढचे चाक जास्त फिरू लागले, म्हणजे ते घसरते आहे, असे समजून संगणक चकत्या एकमेकींवर दाबतो आणि मागच्या चाकांना जोर जातो. म्हणजे ही सारी व्यवस्था एकाच प्रश्नावर उभी आहे : कोणते चाक इतरांपेक्षा जास्त फिरते आहे? आणि या प्रश्नाला खोटे उत्तर मिळण्याचा अगदी सोपा मार्ग आहे. एकच टायर नवा घालणे!

माझ्या एका स्नेह्यांची हकिकत सांगतो. त्यांच्या अशाच मोटारीचे एक टायर खिळ्याने नव्हे, दगडाने बाजूलाच फाटले. जवळच्या दुकानातून त्यांनी एक नवे घालून घेतले. दुकानदार खोटे बोलला नाही. टायरच्या बाजूवर छापलेले माप तेच होते. पण उरलेली तीन टायरे झिजलेली होती. दोन-तीन महिन्यांनी हळू वळताना मोटार हिसके देऊ लागली, मग घुमल्यासारखा आवाज, मग जळका वास. शेवटी मागचा जोडच बदलावा लागला. तीन टायरांचे पैसे वाचवायला गेले, आणि खर्च टायरांच्या कितीतरी पट झाला.

असे का व्हावे? नव्या टायरची नक्षी ८ मिलिमीटर खोल आणि जुन्याची ३ उरलेली, असे धरा. त्रिज्येत फरक ५ मिलिमीटरांचा. परिघात तो ३१ मिलिमीटरांचा होतो. टायर ७० सेंटिमीटर व्यासाचे असेल तर नवे टायर किलोमीटरला सुमारे ४५५ फेरे घेते, जुने ४६१. शंभर किलोमीटरांत, कागदावरच्या हिशेबाने, सुमारे ६६० फेऱ्यांचा फरक! त्यातला निम्मा त्या आसाचे डिफरन्शियल पोटात घेते, पण निम्मा मधल्या जोडाच्या माथी येतो. सरळ रस्त्यावरही मोटार जणू कायम वळणावरच आहे, अशी त्या जोडाची अवस्था होते. चकत्या घासतात, तेल तापते, बाकीचे तुम्हाला सांगितलेच. काही कारखाने तर चारही टायरांच्या परिघात पाव इंचापेक्षा जास्त फरक चालवून घेत नाहीत. म्हणजे झिजेत जेमतेम एका मिलिमीटरचा.

म्हणून अशा मोटारीची चारही टायरे एका मापाची, एका जातीची आणि सारख्या झिजेची हवीत. हवा चौघांतही पुस्तकात दिलेली हवी. दर आठ-दहा हजार किलोमीटरांनी पुढची मागे, मागची पुढे करून घ्यावीत, म्हणजे झीज सारखी होते. स्टेपनीलाही या फेऱ्यात घेतले, तर एखादे टायर फाटल्यावर जवळपास तेवढेच झिजलेले पाचवे हाताशी असते. ही युक्ती मात्र स्टेपनी पूर्ण मापाची असेल तरच. लहान स्टेपनी मिळाली असेल तर ती लावून गावापर्यंत सावकाश जायचे, गोव्यापर्यंत नाही.

आता त्या घाटातल्या वाक्याकडे वळू. चाकाची रस्त्यावरची पकड ही नोकरदाराच्या पगारासारखी असते. पगार एकच, त्यातूनच घरभाडे, त्यातूनच किराणा. पुढे ढकलणे, वळणे आणि थांबणे हे तिन्ही खर्च त्या एकाच पकडीतून भागवायचे. चढावर दोन चाकांनी करायचे काम चौघांनी वाटून घेतले की प्रत्येकाकडे वळण्यासाठी थोडी शिल्लक राहते. चार चाकांच्या जोराचा फायदा तो हाच, आणि तो खरा आहे. पण थांबताना? अहो, ब्रेक तर साध्या मोटारीतही चारही चाकांना असतो! ओल्या रस्त्यावर पगार सगळ्यांचाच घटतो, आणि तिथे तुमची चार चाके शेजाऱ्याच्या चार चाकांपेक्षा एक पैसाही जास्त मिळवत नाहीत. उलट ही यंत्रणा वजनाने जड, त्यामुळे मोटारही थोडी जडच असते.

याहून एक गोष्ट अधिक घातक आहे. साध्या मोटारीचे चाक ओल्या चढावर किंचित घसरते आणि चालकाला इशारा मिळतो की रस्ता निसरडा आहे, जपून. चार चाकांची मोटार हा इशारा गिळून टाकते. ती खडीवरून, शेवाळावरून मुकाट्याने चढते. चालकाला वाटते, रस्ता ठीक आहे. तो वेग धरतो, आणि उताराच्या पहिल्या वळणावर ब्रेक दाबल्यावर खरी परिस्थिती समजते. एक अपवाद नोंदवतो : चिखलाचा तीव्र उतार असेल आणि मोटारीत लो गिअरची सोय असेल, तर त्या गिअरमध्ये इंजिनाचा अडसर चारही चाकांवर वाटला जातो आणि मोटार शिस्तीत उतरते. बाकी उतारावर विश्वास ठेवायचा तो टायरांच्या नक्षीवर आणि आपल्या उजव्या पायावर.

राहिली देखभाल. अशा मोटारीत इंजिन आणि गिअरबॉक्स यांखेरीज पुढचे डिफरन्शियल, मागचे डिफरन्शियल आणि ट्रान्सफर केस किंवा मधला जोड अशा आणखी तेलाच्या जागा असतात. प्रत्येकीचे तेल वेगळे असू शकते, आणि नेहमीच्या सर्व्हिसिंगमध्ये या जागा हमखास विसरल्या जातात. मिस्त्रींना नाव घेऊन विचारावे : "मागच्या डिफरन्शियलचे तेल पाहिलेत का?" आसाच्या पेटीला वरच्या बाजूला श्वास घेण्यासाठी लहानशी नळी असते. ती चिखलाने बुजली आणि तापलेला आस ओढ्याच्या थंड पाण्यात शिरला, की आतली हवा आकुंचन पावते आणि तेलाच्या सीलमधून पाणी आत ओढले जाते. म्हणून ओढा ओलांडल्यावर, त्याच आठवड्यात, तेल थोडे काढून पाहावे. दूध घातलेल्या चहासारखे दिसले तर आत पाणी गेले आहे. ते तेल लगेच बदलावे.

चाकांकडे जाणाऱ्या शाफ्टच्या टोकांवर रबरी बूट असतात. ते फाटले की ग्रीस उडते, रेती आत जाते, आणि पूर्ण वळण घेताना कट्-कट् असा आवाज येऊ लागतो. आवाज येईपर्यंत थांबू नये. बूट स्वस्त, सांधा महाग. दांड्याची फोर-व्हील असेल तर महिन्यातून एकदा कच्च्या रस्त्यावर दोन-चार किलोमीटर ती चालवावी, म्हणजे तेल फिरते आणि दांडा गंजून बसत नाही. वर्षभर न ओढलेला दांडा नेमका जुलैच्या चिखलात ओढायला जावे आणि तो हलू नये, हे फार जणांचे झाले आहे.

आणि मोटार बंद पडलीच, तर ओढून नेणाऱ्याला आधी सांगा की हिची चारही चाके जोराची आहेत. पुढची दोन उचलून मागची रस्त्यावर फिरत ठेवली तर मधला जोड वाटेतच जळू शकतो. तिला सपाट ट्रकवर, चारही चाके उचलूनच न्यावी लागते. ते भाडे जरा जास्त पडते, ते द्यावे.