चोच की नळी? ‘सिंग्नॅथिडियन’ या शब्दाचा अर्थ आणि वापर

पुणे जिल्ह्याच्या शिरूर तालुक्यात तळेगाव ढमढेऱ्याजवळून वेळ नदी वाहते आणि पुढे भीमेला मिळते. या पाण्यात जाळे टाकणाऱ्याला एक लांबट, सडपातळ, पृष्ठभागालगत फिरणारा मासा अधूनमधून सापडतो. त्याचे तोंड अंगाच्या मानाने फारच लांब असते. भोई त्याला ‘कुत्रा’ म्हणतात. ‘लांब नळीसारख्या तोंडाचे मासे’ असे वर्णन कुठे वाचनात आले की या भागातल्या माणसाला साहजिकच हाच मासा आठवतो. पण कुत्रा मासा त्या वर्णनात बसत नाही. का बसत नाही, हे कळले की प्राणिशास्त्रातला एक दुर्मीळ शब्द नीट कळतो. हा शब्द भारताच्या कायद्यातही शिरला, म्हणून तो नेमका कळणे गरजेचे आहे.

शब्द कुठला

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ याच्या पहिल्या अनुसूचीत जुलै २००१ मध्ये समुद्रघोड्याची भर पडली. इंग्रजी मजकुरात ‘सी हॉर्स’ या नावानंतर कंसात खुलासा होता : ‘ऑल सिग्नॅथिडियन्स’. शब्दाचे शुद्ध रूप ‘सिंग्नॅथिडियन’. त्यातला पहिला न कायद्याच्या मजकुरात गळाला आणि शब्द तसाच पुढे छापला जात राहिला.

मत्स्यशास्त्राच्या पुस्तकांत हा शब्द शोधायला गेले तर फारसा हाती लागत नाही. तिथे कुलाचे नाव ‘सिंग्नॅथिडी’ आणि त्या कुलातल्या माशाला ‘सिंग्नॅथिड’ म्हणण्याची पद्धत आहे. ‘-इयन’ जोडलेले रूप विरळाच. अर्थ मात्र तोच : सिंग्नॅथिडी कुलातला कोणताही मासा. या कुलात तीनशेच्या आसपास जाती आहेत. समुद्रघोडे, नळीमासे आणि ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावरचे सी-ड्रॅगन हे सगळे त्यात येतात.

कुलाचे नाव ‘सिंग्नॅथस’ या प्रजातीवरून पडले. हे नाव लिनीयसने १७५८ मध्ये दिले. ग्रीक ‘सिन’ म्हणजे एकत्र आणि ‘ग्नॅथोस’ म्हणजे जबडा, म्हणून सिंग्नॅथस म्हणजे जबडे जुळलेला. माशाकडे वरवर पाहिले तर तसेच वाटते. वरचा आणि खालचा जबडा एकमेकांना चिकटून त्यांची नळी झाली असावी, असा समज होतो. प्रत्यक्षात जबडे जुळलेले नसतात आणि नळीही जबड्यांची नसते. नाव देखणे आहे, पण त्यातून शरीररचना शिकायला जाऊ नये.

नळी कशाची बनते

समुद्रघोड्याचे किंवा नळीमाशाचे जबडे अगदी इवलेसे असतात आणि ते नळीच्या टोकाशी बसलेले असतात. त्यांच्या मागे डोळ्यापर्यंतचा जो लांब भाग दिसतो, तो कवटीच्या पुढच्या भागाची आणि गालाची हाडे लांबत जाऊन तयार होतो. म्हणजे लांबलेला असतो तो चेहरा. तोंड शेंड्यावर लहानच राहते. या माशांना दातही नसतात.

ओळखायची खूण यातूनच मिळते. माशाचे डोके आडवे धरावे आणि तोंडाची फट कुठून कुठपर्यंत जाते ते पाहावे. फट टोकापासून थेट डोळ्याखालपर्यंत जात असेल तर ती चोच, म्हणजे लांबलेले जबडे. फट केवळ शेंड्यावर असेल आणि मागचा भाग सलग, बंद असेल तर ती नळी. मासा सुकलेला असला, रंग उडालेला असला, तरी ही खूण चालते.

नळीचा उपयोग भक्ष्य ओढून घेण्यासाठी होतो. कोपेपोडसारखे बारीक कवचधारी जीव हे या माशांचे मुख्य खाणे. समुद्रघोडा मान लववून भक्ष्याच्या अगदी जवळ सरकतो. मानेमागच्या स्नायूंचे कंडर आधीच ताणलेले असतात. ते गलोलीच्या रबरासारखे सुटतात, डोके झटक्यात वर फिरते, नळीचे टोक भक्ष्याशी येते आणि त्याच क्षणी तोंडाची पोकळी फुगून पाणी भक्ष्यासकट आत ओढले जाते. हे सगळे एका सेकंदाच्या काही हजारांश भागात उरकते. डोळ्यांना दिसते ते एवढेच, की जीव होता आणि आता नाही. अरुंद नळीची किंमतही मोजावी लागते : भोकात मावेल तेवढेच खाता येते. समुद्रघोड्याला जठरही नसते, त्यामुळे त्याला दिवसभर खात राहावे लागते.

भीमेतला कुत्रा

आता कुत्र्याकडे वळू. त्याचे शास्त्रीय नाव झेनेंटोडॉन कॅन्सिला. फ्रान्सिस हॅमिल्टन यांनी गंगेच्या खोऱ्यातल्या माशांवर १८२२ मध्ये जो ग्रंथ लिहिला, त्यात तो प्रथम नोंदला गेला. याचे दोन्ही जबडे लांबलेले असतात आणि त्यांच्या कडांवर बारीक, तीक्ष्ण दातांच्या रांगा असतात. ताज्या माशाच्या तोंडावरून बोट उलट फिरवले तर ते सोलवटते. तोंड उघडले की वरचा-खालचा जबडा मुळापर्यंत फाकतो. तो ओढून खात नाही, चावून पकडतो : लहान मासे आडवे धरायचे, मग फिरवून गिळायचे. वरच्या खुणेप्रमाणे ही निःसंशय चोच आहे.

शिरूर-दौंड भागातल्या माशांचा शास्त्रीय इतिहास जुना आहे आणि तो पुरेसा सांगितला जात नाही, म्हणून इथे थोडे थांबतो. ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीतले अधिकारी विल्यम हेन्री साइक्स यांनी दख्खनच्या नद्यांमधल्या माशांवर लेख लिहिला. त्याचा सारांश १८३९ मध्ये आणि सविस्तर रूप १८४१ मध्ये लंडनच्या झूऑलॉजिकल सोसायटीने प्रसिद्ध केले. घोड नदीत, शिरूर इथे मिळालेल्या माशाला त्यांनी बार्बस मुसुल्ला हे नाव दिले. साइक्स यांचा वाखाणण्याजोगा विशेष असा, की माशांना नावे देताना त्यांनी इथल्या लोकांच्या तोंडची नावे उचलली. शिंगटी, कोलूस ही नावे लॅटिन वळणात जाऊन जगभरच्या याद्यांत बसली, ती त्यांच्यामुळे. जाळे ओढणाऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या वापरलेला शब्द शास्त्राने जसाच्या तसा घ्यावा, हा भाषेचा मान आहे.

कुत्र्याची नोंदही साइक्स यांनी केली. त्यांना तो नवी जात वाटला आणि त्यांनी नाव दिले ‘बेलोनी ग्राइआय’. हा हॅमिल्टन यांचाच मासा, हे पुढे ठरले आणि साइक्स यांचे नाव मागे पडले. पण त्या नावातला ‘बेलोनी’ हा शब्द आपल्या विषयाच्या मुळाशी नेतो.

एका नावाचा प्रवास

‘बेलोनी’ म्हणजे ग्रीक भाषेत सुई. ॲरिस्टॉटलने या नावाच्या माशाबद्दल लिहिले आहे, की अंडी बाहेर पडायच्या वेळी त्याच्या पोटाखालची चीर उघडते आणि नंतर ती भरून येते. चोचीच्या माशात असे काही घडत नाही. हे वर्णन नळीमाशाला मात्र तंतोतंत लागू पडते. नळीमाशाच्या नराच्या अंगाखाली त्वचेच्या दोन पदरांची पिशवी असते, मादी त्यात अंडी सोडते, नर ती वाढवतो आणि वेळ भरली की पिशवीची चीर उघडून पिल्ले बाहेर येतात. ॲरिस्टॉटलने हे काम मादीचे मानले, पण चिरेचे निरीक्षण अचूक होते. म्हणूनच त्याचा ‘बेलोनी’ हा नळीमासा होता, असे अभ्यासक मानतात.

आधुनिक वर्गीकरण आले तेव्हा हेच नाव चोचीच्या माशांना मिळाले आणि तिथेच रुजले. म्हणजे नळीमाशाचे जुने नाव चोचीच्या माशाकडे गेले आणि साइक्स यांच्या लेखणीतून ते भीमेतल्या कुत्र्यापर्यंत पोहोचले. अ‍ॅक्वेरियमच्या दुकानात आज कुत्र्याला ‘नीडलफिश’ म्हणून विकतात, तीही पुन्हा सुईच. तेव्हा चोच आणि नळी यांची गल्लत करणारा वाचक एकटा नाही. ही गल्लत जुनीच आहे.

शेजारचे शब्द

नळीतोंड्या माशांसाठी आणखीही शब्द आहेत आणि प्रत्येकाची हद्द वेगळी आहे.

‘सोलेनोस्टोमस’ हे नाव फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ लासेपेद यांनी १८०३ मध्ये दिले. ग्रीक ‘सोलेन’ म्हणजे नळी, ‘स्टोमा’ म्हणजे तोंड. नळीतोंड्या या शब्दाचा हा शब्दशः ग्रीक अवतार. पण प्रजातीनाम म्हणून तो एका छोट्या गटापुरताच आहे : नळीमाशांच्या जवळचा, पण वेगळ्या कुलातला. या गटात अंडी मादी सांभाळते. याच ‘सोलेन’पासून विसाव्या शतकाच्या आरंभी मत्स्यशास्त्रज्ञ टेट रीगन यांनी वापरलेला गण आला, ‘सोलेनिक्थिज’, म्हणजे नळीमासे. जुन्या ग्रंथांत हा शब्द दिसतो. आज त्याच्या जागी ‘सिंग्नॅथिफॉर्मिस’ लिहितात. ‘सोलेन’ शब्द तळेगाव-शिक्रापूर परिसराला परका नाही. ठिबकच्या स्वयंचलित संचातला किंवा रांजणगाव एमआयडीसीतल्या यंत्रातला सोलेनॉइड व्हॉल्व्ह याच शब्दाचा. तारेच्या नळीसारख्या गुंडाळीला ते नाव ॲम्पियर यांनी दिले.

‘ऑलोस्टोमस’ हेही लासेपेद यांचेच. ‘ऑलोस’ हे प्राचीन ग्रीसमधले जिभाळीचे वाद्य. त्याची भाषांतरे बासरी अशी होतात, पण जिभाळी असल्याने ते सनईच्या अधिक जवळचे. प्रवाळात डोके खाली करून उभे तरंगणारे लांब मासे या प्रजातीत येतात.

‘फिस्टुलॅरिया’ लिनीयसचे, १७५८ मधले. लॅटिन ‘फिस्टुला’ म्हणजे नळी. डॉक्टरांच्या तोंडून ऐकू येणारा फिस्टुला तो हाच. यातला फिस्टुलॅरिया कॉमरसोनाय दीड मीटरपर्यंत वाढतो, शेपटीतून लांब दोरा निघतो. आपल्या पश्चिम किनाऱ्यावर ट्रॉलरच्या जाळ्यात या प्रजातीचे मासे इतर मासळीबरोबर येतात.

‘लोफोब्रँकिआय’ हा शब्द फ्रान्सिस डे यांच्या ‘द फिशेस ऑफ इंडिया’ या १८७५ ते १८७८ दरम्यान निघालेल्या ग्रंथात भेटतो. समुद्रघोडे आणि नळीमासे यांचा गण असा त्याचा अर्थ. पण तो तोंडावरून पडलेला नाही, झुबक्यासारख्या कल्ल्यांवरून पडला आहे. जुने पुस्तक वाचताना एवढे ध्यानात असले की पुरे.

आकार एक, घराणी अनेक

नळी हा आकार आहे, घराणे नव्हे. उत्तर अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावर ऑलोऱ्हिंकस नावाचा लांब नळीतोंड्या मासा आहे; त्याचे नाते काटेवाल्या स्टिकलबॅकशी आहे, समुद्रघोड्याशी नाही. आफ्रिकेच्या नद्यांमधल्या मॉर्मिरिड कुलात आणि दक्षिण अमेरिकेतल्या वीजधारी नाइफफिशमध्येही लांब नळीदार तोंडे स्वतंत्रपणे घडली आहेत. उलट अंगाने, जनुकांच्या अभ्यासानंतर आजच्या सिंग्नॅथिफॉर्मिस गणात नळी मुळीच नसलेले काही मासेही दाखल झाले आहेत. म्हणून नळी दिसली की लगेच सिंग्नॅथिड म्हणणे चूक.

कायद्यात शब्दाचे वजन

‘सर्व सिंग्नॅथिडियन’ या दोन शब्दांचा परिणाम मोठा होता. केवळ ‘समुद्रघोडा’ एवढेच लिहिले असते तर नळीमासे संरक्षणाबाहेर राहिले असते. तमिळनाडूच्या किनाऱ्यावर, पाल्कची सामुद्रधुनी आणि मन्नारच्या आखातात, समुद्रघोडे सुकवून औषधांसाठी परदेशी पाठवण्याचा मोठा व्यापार होता. २००१ च्या नोंदीने तो बेकायदा ठरला. आंतरराष्ट्रीय पातळीवर, वन्यजीवांच्या व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या साइट्स कराराच्या दुसऱ्या परिशिष्टातली हिप्पोकॅम्पस, म्हणजे समुद्रघोड्यांची प्रजाती, हिची नोंद २००४ मध्ये अमलात आली. तिथे नळीमासे नाहीत. दोन याद्यांतला हा फरक एका शब्दाचा आहे.

आणि हद्द दुसऱ्या बाजूनेही पाळावी लागते. फिस्टुलॅरियाचे तोंड कितीही नळीसारखे असले तरी त्याचे कुल वेगळे, तेव्हा ‘सिंग्नॅथिडियन’ या शब्दात तो येत नाही. ट्रॉलरवरून उतरलेला फिस्टुलॅरिया पाहून ‘संरक्षित नळीतोंड्या मासा’ अशी बातमी देणे चुकीचे. २०२२ च्या दुरुस्तीने अधिनियमाच्या अनुसूचींची फेरमांडणी झाली आहे, त्यामुळे जुन्या नोंदीचा दाखला देताना ती कोणत्या वर्षाची हे लिहिलेच पाहिजे.

मराठीत लिहिताना

माझे मत असे, की मराठीत दोन शब्द वेगळे ठेवावेत. आकार सांगायचा असेल तर ‘नळीतोंड्या’ : हा शब्द समुद्रघोड्याला, फिस्टुलॅरियाला आणि आफ्रिकेतल्या मॉर्मिरिडलाही चालतो. कुल सांगायचे असेल तर ‘सिंग्नॅथिड’ : तो फक्त समुद्रघोडे, नळीमासे आणि सी-ड्रॅगन यांना. ‘सिंग्नॅथिडियन’ हे रूप कायद्याचा मजकूर उद्धृत करतानाच वापरावे. ‘भीमेत नळीतोंडे मासे मिळतात’ असे कुत्र्याला उद्देशून लिहू नये. ‘भीमेत चोचीचा मासा मिळतो’ हे बरोबर. वाम माशाचे मांसल, टोकदार नाकही नळीत धरू नये.

सुकलेल्या मालाचा पंचनामा लिहिणाऱ्यासाठी तर ही काटेकोरी अधिकच गरजेची. ‘नळीसारख्या तोंडाचे मासे, सुकलेले’ एवढी नोंद पुरत नाही, कारण तिच्यात फिस्टुलॅरियाही बसतो. तोंडाची फट शेंड्यावर आहे का, अंगावर कड्यांसारख्या हाडांच्या पट्ट्या आहेत का, शेपटी पकड घेणारी आहे का, हे पाहून ‘सिंग्नॅथिडी कुल’ आणि ओळखता आली तर प्रजाती, अशी नोंद हवी. मालाची छायाचित्रे डोके आडवे ठेवून, फट दिसेल अशी काढावीत.