तुकोबांची गाथा : वहीपासून छापील पुस्तकापर्यंत



लोणावळ्याजवळ कुरवंड्याच्या डोंगरात इंद्रायणी उगम पावते. कामशेत, इंदोरी ही आपली गावे मागे टाकीत ती देहूला येते, पुढे आळंदीवरून तुळापूरला जाऊन भीमेस मिळते. या नदीकाठी सतराव्या शतकात तुकाराम महाराज होऊन गेले. एकांतासाठी ते भंडाऱ्याच्या डोंगरावर जाऊन बसत, हे तुम्हांस सांगायला नकोच. त्यांचे अभंगही तुम्हांस पाठ असतील. पण गाथा म्हणून जे पुस्तक आपण घरी ठेवतो, ते पुस्तक तयार कसे झाले?

हा प्रश्न रिकामटेकडा नाही, बरं का! एखाद्या घरच्या गाथेत साडेचार हजारांवर अभंग असतात, तर शेजारच्या घरच्या गाथेत त्याहून कमी. एका पुस्तकात चरण एका तऱ्हेने छापलेला, दुसऱ्यात एखादा शब्द वेगळा. मग पाठशाळेतला एखादा चुणचुणीत मुलगा विचारतो, "गुरुजी, खरे कोणते?" त्याला उत्तर द्यायचे, तर आधी जुन्या वह्यांकडे गेले पाहिजे.

तुकोबांच्या काळी आपल्याकडे मराठी छापखाना नव्हता. अभंग कीर्तनात म्हटला जाई, ऐकणारा तो पाठ करी, आणि ज्याला लिहिता येई तो वहीत उतरून घेई. तुकोबांच्या वह्या इंद्रायणीत बुडविल्या आणि तेरा दिवसांनी त्या कोरड्या वर आल्या, अशी परंपरा सांगते. अभंग उतरून घेणाऱ्यांत दोन नावे मोठ्या आदराने घेतली जातात. एक संताजी जगनाडे. ते तेली होते आणि त्यांची समाधी मावळातच, सुदुंबरे येथे आहे. दुसरे कडूसचे गंगाराम मवाळ. एक घाण्यावरचा माणूस, दुसरा वेगळ्या जातीकुळीचा. पण दोघांनी मिळून एका कुणब्याची वाणी जतन केली.

या वह्यांवरून पुढे नकला झाल्या, आणि नकलांवरून नकला. आता नक्कल म्हटली की फरक आलाच. कोणी कानांनी ऐकून लिहिले, कोणी आठवून लिहिले. त्यात जुन्या लिखाणात दोन शब्दांमध्ये जागा सोडीत नसत. एका ओळीत सगळी अक्षरे सलग असत. त्यामुळे शब्द कोठे तोडायचा, हे वाचणाराने ठरवायचे. शब्द तोडण्याची जागा बदलली की कधीकधी अर्थही बदलतो. शिवाय तुकोबांचे धाकटे बंधू कान्होबा यांचे अभंगही गाथेत आले आहेत. पुढच्या काळात कोणी भक्ताने स्वतः रचना करून तिच्यात तुकोबांची नाममुद्रा घातली असेल, तर ती ओळखणे कठीणच. अभंगांचा आकडा पुस्तकागणिक का बदलतो, ते आता ध्यानात येईल.

छापील गाथेचे मोठे काम मुंबईच्या इंदुप्रकाश छापखान्यात झाले. त्यासाठी मुंबई सरकारने २४,००० रुपये दिले होते. त्या काळी ही रक्कम लहान नव्हे. विधवाविवाहाचे पुरस्कर्ते विष्णु परशुरामशास्त्री पंडित आणि विद्वान शंकर पांडुरंग पंडित यांनी हे काम पाहिले. पहिला भाग १८६९ साली निघाला, दुसरा १८७३ साली. त्यांनी देहू, तळेगाव, कडूस आणि पंढरपूर येथील हस्तलिखिते समोर ठेवून पाठ ताडून पाहिले. या चारांपैकी तीन गावे आपल्या अंगणातली आहेत, हे मुद्दाम लक्षात ठेवा.

पुढे ठाण्याचे वि. ल. भावे यांनी संताजींच्या वह्यांवरून १९१९ व १९२० साली 'अस्सल गाथा' दोन भागांत छापली. तीत सुमारे १३०० अभंग आहेत. म्हणजे बाकीचे खोटे असे समजू नये. या वह्यांत नसलेला अभंग दुसऱ्या वहीत असू शकतो. एवढेच म्हणता येईल की, हे १३०० आपल्याला फार जुन्या हाताकडून मिळाले आहेत. १९५० साली तुकोबांच्या निर्वाणास तीनशे वर्षे झाली, तेव्हा सरकारने इंदुप्रकाशची गाथा पुन्हा छापली. पु. मं. लाड यांचे नाव या कामाशी जोडलेले आहे. ४६०७ ही संख्या आपण ऐकतो, ती या सरकारी गाथेची.

असा घोटाळा आपल्याकडेच होतो असे मानू नका. अमेरिकेत ॲम्हर्स्ट गावी एमिली डिकिन्सन नावाची कवयित्री होती. ती १८८६ साली वारली, तेव्हा बहिणीला तिच्या खोलीत हाताने शिवलेल्या लहान लहान वह्या सापडल्या. १८९० साली पहिला संग्रह निघाला. पण संपादकांनी तिची विरामचिन्हे आणि कोठे कोठे शब्दही 'सुधारले'. तिने लिहिले तसे वाचायला मिळण्यासाठी १९५५ साल उजाडावे लागले. तेव्हा टॉमस जॉन्सन यांनी तिच्या १७७५ कविता मूळ हस्तलिखितांवरून छापल्या. जुनी वही शाबूत होती, म्हणूनच हे साधले.

तात्पर्य काय? छापील पुस्तक चुकले तर वही ते दुरुस्त करते. वहीच गेली तर दुरुस्ती कशावरून करणार? आणि आपल्याकडे जीर्ण पोथी नदीत सोडण्याची चाल आहे. हेतू श्रद्धेचा असतो, हे खरे. पण तेवढे करू नका. माळ्यावर, देव्हाऱ्यात, जुन्या पेटीत हाताने लिहिलेली वही असेल, तर ती कोरड्या सुती कापडात बांधून ओलीपासून दूर ठेवा. फाटलेल्या पानास चिकटपट्टी लावू नका, पेनाने खुणा करू नका. मोबाइलवर पानांची छायाचित्रे क्रमाने घ्या. अक्षर मोडीत असेल, लागत नसेल, तर जाणकारास दाखवा. पुण्याचे भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० सालापासून अशा जुन्या कागदांचेच काम करीत आले आहे.

शिक्षकांसाठी एक सूचना. वर्गात दोन निरनिराळ्या गाथा आणवा. एकच अभंग दोन्हींतून वाचून घ्या आणि फरक असलेले शब्द मुलांकडून फळ्यावर लिहवून घ्या. कोणता पाठ अर्थाला बसतो, कोणता तालाला, याची चर्चा होऊ द्या. घरी आजी तोच अभंग कसा म्हणते, तेही विचारून यायला सांगा. तिचा पाठ तिसराच निघाला, तर त्याला चूक म्हणू नका. तोही फळ्यावर लिहा. या खोऱ्यातल्या माणसांनी ऐकून आणि लिहून ठेवले, म्हणून गाथा आज आपल्या हाती आहे.